परवीनचाचींच्या उशीचं वजन

अकोल्याच्या जुन्या शहरात अब्दुल गफ्फार यांचं गाद्या-उशांचा कापूस पिंजून देण्याचं दुकान आहे. वय सत्तरीला टेकलेलं, दाढीत आणि स्वेटरवर कायम रुई. या माणसानं स्वतःचं एक शास्त्र काढलं आहे. मी शाळेत पंचवीस वर्षं भौतिकशास्त्र शिकवते, त्यामुळे त्या शास्त्राशी माझं पहिल्या दिवसापासून वाकडं होतं.

शास्त्र असं, की विचार म्हणजे हवा नाही, माल आहे. माणूस आडवा झाला की दिवसभराचा विचार डोक्यातून उशीत उतरतो आणि रुईला धरून बसतो. काळजीच्या गाठी होतात, आनंद सगळीकडे सारखा पसरतो. म्हणून उशी जुनी होते तशी जड होते. गफ्फारचाचा नवी उशी शिवली की तोलतात, पाच-सात वर्षांनी ती पिंजायला आली की पुन्हा तोलतात आणि वाढलेलं वजन नावासकट भिंतीवर खडूनं लिहितात.

माझ्या लेकीची, आकांक्षाची उशी बारावीनंतर मी त्यांच्याकडे नेली, तर ती नव्वद ग्रॅम जास्त भरली.

"पाहा मॅडम, पोरीनं किती इचार केला."

"घाम आहे तो, चाचा. धूळ आणि खोबरेल तेल."

"मंग घाम कायचा येते? इचाराचाच न!"

वर त्यांनी मला भिंतीवरचं एका पुढाऱ्याचं नाव दाखवलं. आठ वर्षांत एक ग्रॅमसुद्धा वाढ नाही. मी इतकी हसले की भांडण तिथंच राहिलं. त्यानंतर काम नसलं तरी मी वाद घालायला जायची. ते चहा मागवायचे आणि हटायचे नाहीत. त्यांच्या शास्त्रातला एक नियम मात्र मला बरा वाटायचा. पिंजल्यावर विचार रुईतून सुटतो, उडतो, पण नष्ट होत नाही.

गेल्या वर्षी त्यांच्या बायकोला, परवीनचाचींना विसर पडायला लागला. आधी गॅसवरचं दूध, मग ओळखीची गल्ली, मग मुलाचं नाव. डॉक्टरांनी उतारवयातला मेंदूचा आजार सांगितला. दिवाळीनंतर मी दुकानात गेले तर पिंजायचं यंत्र बंद होतं आणि चाचा भिंतीकडे तोंड करून बसले होते.

"काल तिनं मले इचारलं, आप कौन," ते म्हणाले.

मग त्यांनी यंत्रामागची भिंत दाखवली. ती मी कधी पाहिलीच नव्हती. वर एकदाच 'परवीन' लिहिलेलं आणि खाली चाळीस आकडे. लोकांच्या उशा पाच-सात वर्षांनी उसवतात, बायकोची उशी ते दर वर्षी रमजान ईदच्या आधी उसवायचे. पिंजाऱ्याच्या घरच्या बाईनं जड उशीवर कशाला झोपायचं, हा त्यांचा मान होता. दर वर्षीचे पन्नासेक ग्रॅम ते मोठ्या हौसेनं पिंजून काढत आले.

"मीच साफ केलं तिले, मॅडम. सारं मिळून दोन किलो भरते. एवढी बाई मी माह्या हातानं उडवून देल्ली."

सत्तर वर्षांचा माणूस माझ्यासमोर ढसाढसा रडत होता. "अहो, घाम होता तो!" मी ओरडलेच. त्यांनी नुसती मान हलवली. मला त्यांचा राग आला आणि त्याहून जास्त माझ्या शास्त्राचा. ते खरं होतं, पण या माणसाच्या काही कामाचं नव्हतं.

मग मी वर्गात विचारते त्या आवाजात विचारलं, "विचार नष्ट होत नाही ना? मग हे दोन किलो गेले कुठे?"

त्यांनी छपराकडे पाहिलं, पंख्याकडे पाहिलं.

"चाचींची उशी पिंजताना तोंडाला फडकं बांधत होता?"

"नाई. तिच्या रुईले कायले फडकं?"

"म्हणजे निम्म्या चाची तुमच्या पोटात आहेत आणि उरलेल्या दाढीत. रोज घरी जाऊन त्यांचं त्यांना परत सांगा. लवकर जा आणि अंग न झटकता जा."

माझ्या विद्यार्थ्यांनी हे ऐकलं असतं तर मला तोंड लपवायला जागा उरली नसती. मला लाज वाटली नाही. चाचांनी दाढीला हात लावून पाहिला आणि ते म्हणाले, "हिसाब बराबर हाय." त्या दिवसापासून ते दुपारी चारलाच कुलूप लावू लागले. घरी जाऊन आपल्या लग्नाची दर्यापूरची वरात सांगायचे, जीपचं दार वाटेत कसं निखळलं ते सांगायचे, चाचींच्या आईच्या हातचं सालन सांगायचे. चाची परक्याचं ऐकावं तसं ऐकायच्या.

आठ दिवसांनी मी गेले तेव्हा यंत्र सुरू होतं. मला पाहून त्यांनी ते थांबवलं.

"काल सांगता सांगता ती जवळ आली अन् माह्या दाढीतला कापूस येचाले लागली. पयले रोज येचे, तसाच. अन् म्हणते, बाबा, आपकी घरवाली झटकती नहीं क्या?"

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"म्हटलं, झटकती है, रोज. मंग तिनं दाढीतला येचला, स्वेटरवरचा येचला. अन् आपल्या उशीची शिवण बोटानं उसवून सारा आत कोंबला." त्यांनी गल्ल्याजवळचा खडू उचलून माझ्या हातात दिला. "सकाळी तोलली. दोन ग्रॅम वाढली. तुमीच लिवा, मॅडम."

उशीत दोन ग्रॅम कापूस घातला तर ती दोन ग्रॅमनं वाढणारच, हे सांगायला माझी जीभ वळवळली. मी यंत्रामागं गेले आणि परवीनचाचींच्या नावाखाली, चाळिसाव्या आकड्याच्या खाली, दोन लिहिलं.