किल्ली पहिल्या होडीत होती

सध्या मुक्काम सेरंगून, सिंगापूर. मुलाचा फ्लॅट, अकरावा मजला. वय अठ्ठ्याहत्तर. शिक्षण सातवी. नोकरी महाराष्ट्रात, तुरुंग खात्यात. महिला शिपाई म्हणून लागले, हवालदार म्हणून निवृत्त झाले. एकोणतीस वर्षं खाकी घातली. माझी ओळख एवढी पुरे.

इथल्या मराठी लोकांच्या स्मरणिकेसाठी अनघाने माझ्याकडून दोन पानं मागितली. अनघा रॅफल्स प्लेसला एका बँकेत आहे आणि सुट्टीच्या दिवशी मंडळाची कामं करते. म्हणाली, "काकू, नोकरीतले दोन-चार किस्से लिहा ना. खाकीतली आज्जी! लोकांना मजा येईल." मी हो म्हटलं. तिने भरवलेलं प्रदर्शन तेव्हा मी पाहिलं नव्हतं.

ते गेल्या महिन्यात पाहिलं. शनिवार, सकाळी दहा, कम्युनिटी क्लबचा हॉल. दोनशे वर्षांपूर्वी हिंदुस्थानातून जहाजांत घालून इथे आणलेले कैदी हा विषय होता. मद्रासचे, कलकत्त्याचे, मुंबईचेही. त्यांनी इथलं जंगल तोडलं, दलदल भरली, रस्ते केले. मी सात वर्षं रोज सकाळी सहाला या गावात चालते आहे. पायाखालचं कोणी केलं हे मला तोपर्यंत कोणी सांगितलं नव्हतं.

हॉलच्या कोपऱ्यात पुठ्ठ्याचं जहाज उभं केलं होतं. शेजारी टेबलावर प्लास्टिकच्या साखळ्या. मुलांनी त्या हातात घालायच्या आणि जहाजात उभं राहून फोटो काढायचा. माझी नात रिया नऊ वर्षांची आहे. तिने घातली.

"काढ ते."

"आज्जी, इट्स ओन्ली प्लास्टिक लाह," ती इथल्या मुलांच्या बोलीत म्हणाली.

"काढ म्हटलं ना."

"आई, हळू," नितीन म्हणाला. "लोक बघतायत."

"बघू देत."

मग मी भिंतीवरचा फलक वाचला. मी सावकाश वाचते, पण पूर्ण वाचते. खालून दुसरी ओळ अशी होती: प्रवासात काही कैदी पळून जाण्याच्या प्रयत्नात बुडाले.

मी अनघाला बोलावलं. "हे कोणी लिहिलं?"

"जुन्या कागदांत तसंच आहे, काकू."

"भर समुद्रात पळून कुठे जाणार होते? मामाच्या गावाला?"

ती हसली. तिला वाटलं मी गंमत करते आहे.

"त्यांच्या बेड्यांची किल्ली कोणाकडे असायची?"

"किल्ली? बापरे. एवढ्या डिटेलमध्ये आम्ही नाही गेलो."

मी गेले आहे. म्हणून किस्से लिहीत नाही. एकच हकीकत लिहिते.

माझ्या नोकरीला तेव्हा तीन वर्षं झाली होती. खात्याने कोकणात, खाडीपलीकडच्या एका माळावर, बायकांसाठी खुली वसाहत काढायचं ठरवलं. खुली म्हणजे भिंत नाही, बराकीला कुलूप नाही. कैद्यांनीच जमीन साफ करायची, विहीर खणायची, झोपड्या उभ्या करायच्या, पिकवायचं. चांगली वागणूक असेल त्यांनाच तिथे पाठवायचं आणि त्यांना शिक्षेत माफी जास्त. आमच्या तुरुंगातून बारा जणी निवडल्या. पहिली तुकडी. त्यांच्या आधी तिथे दोन तंबू आणि एक पाण्याचं पिंप, एवढंच होतं.

रस्त्याने जायचं तर घाट बंद होता. दरड कोसळली होती. म्हणून समुद्रातून लाँचने न्यायचं ठरलं. महिना मे, शेवटचा आठवडा. एस्कॉर्टला आम्ही तिघं. सुभेदार मोहिते इनचार्ज. मी, आणि आणखी एक महिला शिपाई.

निघण्याच्या आदल्या संध्याकाळी मोहित्यांनी ऑर्डर वाचून दाखवली. कैद्यांना जोडीने हातकडी घालायची. एकीचा डावा हात, दुसरीचा उजवा. वसाहतीच्या अधिकाऱ्याच्या ताब्यात देईपर्यंत काढायची नाही. किल्ली इनचार्जपाशी.

पहाटे पाचला गिनती. बारा. साडेपाचला गाडीत गिनती. बारा. सव्वासातला बंदरावर गिनती. बारा. बंदरावरच्या चौकीतून वायरलेस गेला, "महिला कैदी बारा, एस्कॉर्ट तीन, रवाना." साडेसातला लाँच सुटली.

माझ्या हाताखाली सहा जणी होत्या, तीन जोड्या. तिसऱ्या जोडीत हिरा आणि शेवंता. हिरा कोळीण, वय तीसच्या आसपास. नवऱ्याच्या खुनात जन्मठेप. शेवंता माणदेशाकडची, दुष्काळी गावची, तेवढ्याच वयाची. सवतीच्या मरणात अडकलेली. तिने समुद्र कधी पाहिला नव्हता. लाँच हलायला लागली तशी तिने डोळे मिटले, अर्ध्या तासाने उघडले.

"एवढं पानी कुनाचं गं?"

"सरकारचं," हिरा म्हणाली. "तुझ्यामाझ्यासारखंच."

सगळ्या हसल्या. मीही हसले. मोहित्यांनी वळून पाहिलं तशी मी गप्प झाले.

नंतर सगळ्यांना उलट्या सुरू झाल्या. एकीला वाकायचं तर दुसरीलाही वाकावं लागायचं. हिराला काही होत नव्हतं. ती शेवंताचा हात ओढला जाऊ नये म्हणून तिच्याबरोबर वाकायची, उठायची. दुपारी एकला भाकरी आणि चटणी वाटली. शेवंताने मला विचारलं, "बाई, तिथं शेळी पाळू देत्याल का?" मी सांगितलं, अर्ज कर. ती म्हणाली, अर्ज कुनाला करायचा, तिथं तर कोन न्हाई. ते खरं होतं.

चार वाजून दहा मिनिटांनी लाँच खाडीच्या तोंडासमोर आली. तिथे वाळूचा दांडा आहे. ओहोटी होती. लाँचला पाणी पुरेना. किनाऱ्यावरून दोन लहान होड्या मागवल्या. एकेका होडीत एक नावाडी. पहिल्या होडीत तीन जोड्या, सुभेदार आणि दुसरी शिपाई. दुसऱ्या होडीत माझ्या तीन जोड्या आणि मी.

दांड्यावर लाटा फुटत होत्या. पांढरी रेघ मलाही दिसत होती. हिरा मला म्हणाली, "बाय, इथं पानी वाईट हाय. ही काढून घे. पलीकडं गेलो की परत घाल. हिला पवता येत नाय."

मी लाँचच्या दुसऱ्या टोकाला गेले. मोहिते होडीत उतरत होते.

"साहेब, किल्ली द्या. होडीत हातकडी नको."

"कोण म्हणतं?"

"ती कोळीण म्हणते. दांड्यावर पाणी वाईट आहे."

"कदम, किल्ली आणि कैदी एका गाडीत नसतात. ट्रेनिंगला झोपली होतीस काय?"

"ही गाडी नाही, साहेब."

"ऑर्डर बदलत नाही. जागेवर जा."

"होय साहेब."

हा नियम वेडा नाही, हेही लिहिते. गाडीत कैद्याने शिपायाला दाबून किल्ली काढून घेऊ नये म्हणून तो आहे. जमिनीवर बरोबर आहे. ज्याने केला त्याने पाणी पाहिलं नव्हतं, आणि ज्याने पाळला तो पाणी पाहत होता.

मी परत येऊन हिराला सांगितलं, नाही म्हणाले. ती म्हणाली, "तुजा सायेब पान्यालाबी ऑर्डर देनार काय?" मी तिला गप्प बसायला सांगितलं. तिला होडीत बसवलं. हात धरून मीच बसवलं.

पहिली होडी पार गेली. चार पंचवीसला किनाऱ्याला लागली. मी सुभेदारांना वाळूवर उतरताना पाहिलं. त्यांच्याकडे किल्ली होती, आमच्यामध्ये दोनशे पावलांचं पाणी होतं.

आमची होडी दांड्यावर आडवी झाली. नावाडी ओरडला, "बसा खाली!" दुसऱ्या लाटेने होडी उलटली. कोणी उभं राहिलं नव्हतं. कोणी उडी मारली नव्हती. हे मी होडीत बसलेली बाई म्हणून सांगते आहे.

मला पोहता येत नव्हतं. नावाड्याने माझा पट्टा धरला आणि हात होडीच्या कडेला लावून दिला. एक जोडी माझ्या शेजारी कडेला लटकली होती. दुसरी जोडी वल्ह्याला. तिसरी जोडी आमच्यापासून वीस हातांवर होती.

शेवंता तळाला जात होती आणि तिच्याबरोबर हिराचा डावा हात जात होता. हिरा एका हाताने पोहत होती. ती दोनदा वर आली. दोन्ही वेळा तिने शेवंताचं डोकं आधी वर काढलं, मग स्वतःचं. दुसऱ्यांदा तिने माझ्याकडे पाहिलं आणि ओरडली, "बाय, किल्ली!" तिसऱ्यांदा ती वर आली नाही.

हातकडी नसती तर हिरा तो पल्ला हसत पोहून गेली असती. शेवंतालाही घेऊन गेली असती. दोन मोकळे हात लागतात माणूस ओढायला.

पावणेपाचला किनाऱ्यावर गिनती. दहा. मोहित्यांनी पुन्हा मोजलं. दहा. त्यांनी तिसऱ्यांदा मोजायला घेतलं तेव्हा मी म्हणाले, "साहेब, किती वेळा मोजलं तरी दहाच." त्यांनी मला काही केलं नाही. त्या दहा जणींना तशाच कड्या घालून आम्ही वसाहतीवर नेलं. ज्या जागेला कुलूप नव्हतं त्या जागेपर्यंत. ताबा देताना पावतीवर लिहिलं, बारापैकी दहा मिळाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला खाडीतल्या माणसांना दोघी सापडल्या. जोडीनेच. वाळूवर आडव्या ठेवल्या. मोहित्यांनी बुशशर्टाच्या आतून चामड्याचं पाकीट काढलं, त्यातून किल्ली काढली आणि हातकडी सोडवली. एवढंसं काम. लगेच उघडली.

चौकशी झाली. अधीक्षकांच्या ऑफिसात माझा जबाब टाइप करून तयार होता. त्यात होतं: कैदी हिरा हिने पळून जाण्याच्या उद्देशाने होडीतून उडी मारली व सोबतची कैदी शेवंता हिला पाण्यात ओढले, त्यामुळे होडी उलटली. मोहिते म्हणाले, "वाचून सही कर." मी वाचलं. मग सही केली. मला वाचता येत नव्हतं असं कोणी म्हणू नये. का केली त्याचं कारण लिहीत नाही. कारण प्रत्येकाकडे असतं. मोहित्यांकडेही होतं.

त्या कागदाने पुढे काय केलं ते ऐका. आठवड्याने शेवंताचा भाऊ तुरुंगाच्या फाटकावर आला. बहिणीचे कपडे न्यायला. त्याला कागद वाचून दाखवला गेला. त्याच वेळी हिराची आई फाटकाजवळ बसली होती, तीही लेकीची गाठोडी न्यायला आलेली. तो तिच्यासमोर जाऊन उभा राहिला. "तुज्या पोरीनं माजी बहीन मारली. एक खून पुरला न्हाई तिला?" म्हातारी माझ्याकडे वळली. "बाय, तू होतीस ना होरीत? सांग ना त्याला."

मी फाटकावर ड्युटीला होते. अटेन्शनमध्ये उभी होते. मी म्हटलं, "मावशी, इथे बसू नका. रस्ता मोकळा करा."

ती उठली. गाठोडी घेतली आणि गेली. पुन्हा मला दिसली नाही. मी तिच्या गावी कधी गेले नाही. जायला एसटी होती.

त्या दहा जणींनी वसाहत उभी केली. मी दोन वर्षांनी एस्कॉर्टवर गेले तेव्हा विहिरीला पाणी होतं, वांगी होती, शेळ्याही होत्या. फाटकावर पाटी होती. तिच्यावर उद्घाटन करणाऱ्याचं नाव, अधीक्षकांचं नाव. खणणाऱ्यांची नाहीत. बुडणाऱ्यांची तर नाहीतच.

इथपर्यंतचा मजकूर वाचून अनघाचा परवा फोन आला. "काकू, फार जड झालंय हो. समारंभाची स्मरणिका आहे. थोडं पॉझिटिव्ह करता येईल का? शेवट तरी?"

"नाही."

"निदान त्या सहीचं काढू या? तुमचंच नाव खराब होतंय."

"तेच ठेव. बाकीचं काढलंस तरी चालेल."

तिने सहीचा तो परिच्छेद मला फोनवर पुन्हा वाचून दाखवला. मग म्हणाली, "छापते."

तर छाप, अनघा. माझा फोटो नको. ज्यांच्याबद्दलच्या खोट्या जबाबावर माझी सही आहे त्या दोघींबद्दल मी, निवृत्त हवालदार कदम, आज इथे पुन्हा जबाब देते. कोणी टाइप करून दिलेला नाही.

शेवंता होडीत बसून होती. तिने काहीही केलं नाही. ती पाण्याला घाबरली होती आणि तिने हिराचा हात घट्ट धरला होता.

हिराने उडी मारली नाही. ती पळत नव्हती. तिने आधी सांगितलं होतं, आणि कोणी ऐकलं नाही तेव्हा तिने शेवंताला दोनदा वर काढलं. मी वीस हातांवर होते. मी पाहिलं.

मावशी, तुमची मुलगी पळत नव्हती.