चौकटीचा मुहूर्त

तुळजाजीरावांनी सगळी नोकरी दुसऱ्यांसाठी थंड भिंती ओतण्यात घालवली आणि स्वतः वेस्ट मांबलममधल्या एका गच्चीवर, सिमेंटच्या पत्र्याखाली भाजत राहिले. कत्तिरी लागली, म्हणजे मद्रासच्या उन्हाळ्यातले सगळ्यांत कडक दिवस आले, की त्यांच्या बायकोला, हेमावतीला, दुपारी घेरी यायची. ओलं पातळ अंगावर घेऊन ती न्हाणीच्या दगडावर बसून राहायची. गेल्या वर्षी तिथंच पडली. डॉक्टर म्हणाले, "यांना या उकाड्यातून हलवा. दुसरं औषध नाही."

तुळजाजीराव फोरमन होते तो कारखाना अंबत्तूरला. लोखंडी साच्यात जाळी घालायची, काँक्रीटचा पातळ थर द्यायचा, त्यावर थर्माकोल, वर पुन्हा जाळी नि काँक्रीट. ओल्या गोणपाटाखाली भिंत मुरली की लॉरीत घालून न्यायची आणि घराच्या पायावर उभी करायची. वादळानं हलणार नाही, ऊन आत शिरणार नाही. पण गिऱ्हाईक येई, बोटाच्या पेरानं भिंत वाजवून बघे, "पोकळ आहे, सार," म्हणे आणि विटांचं घर बांधायला निघून जाई. समजावून समजावून तुळजाजीरावांचा आवाजच बसला होता. अखेर मालकानं कारखाना आवरायला काढला. जाता जाता म्हणाला, "राव, तिकडे आवडी गावात तुमची जागा पडून आहे ना? आत्ताच भिंती ओतून घ्या. पुढं साचे भंगारात जाणार."

घरी येऊन त्यांनी हे सांगितलं, तेव्हा हेमावतीनं तांदूळ निवडता निवडता एवढंच विचारलं, "आणि वासक्काल?"

वासक्काल म्हणजे दाराची चौकट. इकडे पाया झाला की सगळ्यांत आधी चौकट उभी राहते. खाली नवरत्नं ठेवायची, वर हळदकुंकू लावायचं, तेही मुहूर्तावर. भिंती मागाहून.

"चौकट भिंतीतच बसून येते," तुळजाजीराव म्हणाले.

"म्हणजे पूजा लॉरीत करायची?"

"देवाला काय गं, कुठंही चालतं."

"देवाला चालेल. मला नाही चालायचं. असल्या घरात मी पाय ठेवायची नाही. त्यापेक्षा हा पत्रा बरा."

एरवी त्यांनी वाद घातला असता. पण दिवसभर तोच वाद परक्यांशी घालून आलेला माणूस घरी आणखी किती बोलणार? त्यांनी पुढची भिंत चौकटीशिवाय ओतवली. दाराच्या जागी नुसतं भगदाड; चौकट तिथं जागेवर, मुहूर्तावर बसवायची. भिंतीचे दोन पाय वाटेत फाकू नयेत म्हणून तळाशी एक लोखंडी दांडा वेल्ड करून घेतला. भिंत पायावर बोल्टनं आवळायची आणि मगच दांडा कापायचा, हे त्यांनी नव्या पोरांना इतक्यांदा बजावलं होतं की पोरं त्यांची नक्कल करत.

मुहूर्ताच्या सकाळी लॉरी रेल्वे फाटकात अडकली. ती पोचली तेव्हा रामस्वामी भटजी घड्याळ हातातच घेऊन उभे होते. भिंत क्रेनला लटकली, पायावर टेकली; बोल्ट आवळायला अजून वेळ लागणार होता. दांडा निघाल्याशिवाय चौकट आत जाणार नव्हती.

"राव, राहुकाल आलाच, मुहूर्त टळतोय! चौकट बसवताय की मी जाऊ?" भटजी ओरडले.

हेमावती छत्रीखाली ताट धरून उभी होती. ऊन चढत होतं, आणि ती मिटत चाललेले डोळे पुन्हा पुन्हा उघडत होती.

"दांडा काप," तुळजाजीराव वेल्डरला म्हणाले.

क्रेन चालवणारा सुब्बा वरून खेकसला, "सार, आधी बोल्ट! तुम्हीच सांगता ना!"

"काप म्हणतो ना."

दांडा सुटला. भिंतीचा एक पाय जरासा सरकला आणि दाराच्या कोपऱ्यापासून वरपर्यंत भेग गेली. आवाज फार झाला नाही. भेगेतून पांढऱ्या थर्माकोलचा भुगा तेवढा गळत राहिला. बांबूंचा टेका देऊन चौकट उभी केली, पूजा वेळेत झाली.

दुसरी भिंत ओतायला साचा उरला नव्हता. मग गवंडी लावून पुढची भिंत विटांची बांधली. जागेचं तोंड पश्चिमेला. दुपार कलली की ती भिंत तापायची आणि बाहेरची खोली भट्टीसारखी व्हायची. आतली खोली मात्र कारखान्याच्या भिंतींची; ते गिऱ्हाइकांना सांगत तशीच, थंड.

दोघं तिथं राहायला आले, कत्तिरी लागली आणि हेमावतीनं चटई टाकली ती बाहेरच्या खोलीत, चौकटीपाशी. आत यायला तयार होईना. "माझ्या हट्टापायी भिंत फुटली. भोगू दे मला," म्हणायची. दोन दुपारी तुळजाजीरावांनी ऐकून घेतलं. तिसऱ्या दुपारी तिचे ओठ पांढरे पडलेले दिसले.

"हट्ट तुझा होता," ते म्हणाले, "पण दांडा मी कापवला. सुब्बा ओरडत होता, मला ऐकू आलं होतं. आता कुणाची चूक मोठी ते नंतर ठरवू. मी फार दमलोय, हेमा. ऊठ."

ती उठली. मग चटई न गुंडाळताच ओढत आत गेली.

बऱ्याच वेळानं त्यांनी डोकावलं. ती भिंतीकडे तोंड करून झोपली होती, अंगावरचं पातळ कोरडं. त्यांनी दार अलगद ओढून घेतलं आणि तापलेल्या खोलीत, जमिनीवरच पाय पसरून बसले.