पुसलेला स्टिकर
रॉकेलचा वास आला की मला सिल्वासातल्या कारखान्याचं डिस्पॅच ऑफिस आठवतं. दसऱ्याच्या आदल्या दिवशी सगळे आपापलं मशीन पुसत होते, म्हणून मीही पूजेसाठी आमचा एकुलता एक कॉम्प्युटर रॉकेलच्या बोळ्याने लख्ख केला. बोळा खानवेलहून येणाऱ्या झाडूवाल्या मावशींनी दिला होता. दिवाळीनंतर कॉम्प्युटर बिघडला, सिस्टिम नव्याने टाकावी लागली, आणि पडद्यावर पंचवीस अक्षरांची ‘प्रॉडक्ट की’ मागणारी चौकट येऊन थांबली. ती की कॉम्प्युटरच्या डब्यामागच्या स्टिकरवर छापलेली होती आणि माझ्या रॉकेलने तो स्टिकर आता कोरा पांढरा झाला होता. बिल निघेना, गेटवर भरलेला ट्रक हॉर्न वाजवत होता, आणि ऑफिसच्या एकमेव दारात साहेब उभे होते. “स्टिकर कोणी घासला?” त्यांनी विचारलं. मी प्रिंटरमधले कागद सारखे करू लागलो. कोपऱ्यात झाडत असलेल्या मावशींनी एकदा माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, “माझ्याच हातनं पुसला गेला, साहेब.” दुसऱ्या दिवसापासून त्यांना ऑफिसातून काढून उन्हात यार्ड झाडायला लावलं. मी खिडकीतून बघत राहिलो. हल्ली ती प्रॉडक्ट की ईमेलवर येते. आज कोणी तो प्रश्न विचारला तर मी लगेच उत्तर देईन, पण आता कोणीच विचारत नाही.