लिफ्टवाल्या काकांचा मूकपट

मूकपटावरून शेजाऱ्यांशी भांडणारा माणूस अख्ख्या आखातात एकच होता, आणि तो नेमका आमच्या डोक्यावर राहत होता. दुबईत अल कुसैसच्या आमच्या बिल्डिंगमध्ये सगळे त्यांना लिफ्टवाले काका म्हणत. मूळचे संगमेश्वरचे, काम लिफ्ट दुरुस्तीचं, बायकामुलं गावाला. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला त्यांच्या कंपनीत एक फिनिश इंजिनीअर होता. परत जाताना त्या भल्या माणसाने आठवण म्हणून काय द्यावं? घड्याळ द्यावं, चॉकलेटं द्यावीत. त्याने दिली एक व्हिडिओ कॅसेट. फिनलंडमध्ये सुरुवातीला ज्यांनी सिनेमे काढले त्यांतल्या एका दिग्दर्शकाचा चाळीस मिनिटांचा मूकपट होता तो. दिग्दर्शकाचं नाव काकांच्या जिभेवर कधी बसलं नाही, म्हणून ते त्याला 'आपला माणूस' म्हणत. आपल्या माणसाची बाकीची रिळं कुणी जपलीच नाहीत, काही जळाली, काही कुजली, हे इंजिनीअरने कधीतरी जेवताना सांगितलं आणि तेव्हापासून काकांचं डोकं जे फिरलं ते फिरलंच.

आता हलगर्जीपणा केला फिनलंडने, पण ऐकून घ्यायचं मी! 'एवढा मोठा देश, आणि रिळं ठेवायला एक कपाट मिळू नये?' असं ते मला जिन्यात अडवून विचारत, जणू कपाटाची चावी माझ्या खिशात होती. माझी मुलगी म्हणायची, 'पप्पा, व्हाय इज काका सो अँग्री विथ फिनलंड?' मी काय सांगणार, कपाळ! आमच्याकडे चहाला आले की आधी टीव्हीचा आवाज बंद करत. बातम्या असोत की सिरियल. 'आवाज बंद करून बघा, खोटं बोलणारा लगेच कळतो,' हे त्यांचं तत्त्वज्ञान. शारजात, रोल्लातल्या एका कॅसेटच्या दुकानात जाऊन त्यांनी फिनलंडचा जुना मूकपट मागितला. मल्याळी दुकानदार सवयीने म्हणाला, 'इन्शाल्ला, नेक्स्ट वीक.' झालं. काका वर्षभर दर शुक्रवारी शारजाला जात राहिले आणि परत येऊन त्या बिचाऱ्याबद्दल माझ्यापुढे कडाकडा बोलत राहिले. शुक्रवारी दुपारी बिल्डिंगमधल्या एकट्या राहणाऱ्या पोरांना मटणभात खाऊ घालून ते ती कॅसेट लावत आणि सगळ्या पात्रांचे संवाद स्वतः म्हणत, तेही संगमेश्वरी हेलात. इंजिनीअरने एकदा गोष्ट समजावली होती, तेवढ्यावर. मध्ये कुणी पाणी प्यायला उठलं तरी खपत नसे.

मी ते मटण कायम चुकवलं. शेवटी काका कॅसेट घेऊन दारात उभे राहिले. 'तुम्ही सोडून सगळ्यांनी बघितलाय. ठेवा, पण बघा. इंजिनीअरचा पत्ता आता कुणाकडे नाही. फिनलंडमध्ये दुसरी असेल, कुसैसमध्ये ही एकच आहे.' वर लेबलसुद्धा नव्हतं. मी ती आमच्या कॅसेटींच्या ढिगात सरकवली आणि दोन महिने विसरलो.

मग शारजात मॅच होती. शेवटच्या ओव्हर रंगात आल्या आणि मला कोरी कॅसेट सापडेना. एक बिनलेबलाची हाताला लागली. लावून बघितली, तर पडद्यावर नुसते पांढरे ठिपके आणि आवाज अजिबात नाही. कोऱ्या कॅसेटवर मुंग्या दिसतात तशाच. मी रेकॉर्डचं बटण दाबलं. काकांची कॅसेट ती, आणि ते ठिपके म्हणजे पडता बर्फ, हे मला चार दिवसांनी, ते कॅसेट मागायला आले तेव्हा कळलं.

मी सगळं सांगून टाकलं. मला वाटलं, आता बिल्डिंग डोक्यावर घेतील. घ्यायलाच हवी होती. ज्या माणसाने दुकानदाराला सोडलं नाही, अख्ख्या देशाला सोडलं नाही, त्याने मला का सोडावं? काका खुर्चीवर बसले. मग म्हणाले, 'नाही ओळखलात तुम्ही. बर्फ पडताना आपण बघितलाय कुठे?'

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यांनी कॅसेट लावायला सांगितली. मी फॉरवर्ड करायला गेलो तर म्हणाले, 'नको, टेप ओढली जाईल.' म्हणून आम्ही दोघांनी ती जिंकलेली मॅच पस्तीसेक मिनिटं मुकाट्याने बघितली, बक्षीस समारंभासकट. मग चित्र थरथरलं आणि गोठलेल्या तळ्यावरून चालत येणारी एक बाई दिसली. ती थांबली, मागे वळून कुणाला तरी काहीतरी म्हणाली, आणि पुन्हा चालू लागली. तीनेक मिनिटं असतील. काकांनी तिचे संवाद म्हटले नाहीत. मी विचारलं, ती काय म्हणते? 'हे इंजिनीअरनेपण सांगितलं नव्हतं,' ते म्हणाले. 'मी आपला दर वेळी वेगळं म्हणायचो.'

कॅसेट बाहेर काढून त्यांनी खिशातला स्क्रू ड्रायव्हर घेतला आणि तिच्या कडेचा छोटा प्लास्टिकचा तुकडा मोडला. तो मोडला की कॅसेटवर पुन्हा रेकॉर्डिंग होत नाही, हे आखातात कुणालाही माहीत होतं. इंजिनीअर साहेबाने दिलेली वस्तू कशी मोडायची, म्हणून इतकी वर्षं त्यांनी तो मोडला नव्हता. मग कॅसेट त्यांनी माझ्याच हातात ठेवली. 'आता काही भीती नाही. बघा सावकाश,' असं म्हणाले आणि जिना चढून वर गेले.