त्या गावातले अडीच

माझं नेदरलँड्समधलं परमिट नोकरीला बांधलेलं होतं. नोकरी गेली की दुसरी शोधायला तीन महिने मिळतात. माझ्या बाबतीत त्याचे ब्याण्णव दिवस होत होते. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर मी रोज एक आकडा लिहायचो. ते बायकोला आवडायचं नाही. "आकडे लिहून दिवस वाढतात का रे?" ती म्हणायची. वाढत नव्हते. आम्हाला इथे येऊन साडेचार वर्षं झाली होती. पाच भरली असती तर कायमच्या परवान्यासाठी अर्ज करता आला असता. मुलगी सतरा वर्षांची, तिची शाळेची शेवटची परीक्षा पुढच्या मे महिन्यात. ती होण्याआधी पुण्याला परतायचं म्हणजे तिने बाराव्या वर्षी शून्यातून सुरू केलेलं सगळं इथेच सोडून जायचं.

सत्तरीच्या घरात दिवस गेले तोवर मी चौसष्ट अर्ज केले होते. उत्तरं एकवीस, मुलाखती सहा, नोकरी एकही नाही. सातवी मुलाखत सीमेपलीकडच्या एका छोट्या जर्मन गावातून आली. वजनकाटे बनवणारा जुना कारखाना, मालक म्हातारा, मापनशास्त्र जाणणारा इंजिनिअर हवा होता. बेस्ट नावाच्या डच गावातल्या गेलेल्या नोकरीत मी मापनाचंच काम करायचो. ती नोकरी मिळाली असती तर जर्मन परवाना मिळाला असता, सीमेजवळ घर घेऊन मुलीला तीच शाळा चालू ठेवता आली असती. बस आणि रेल्वे मिळून एक तास वीस मिनिटं. मी वेळापत्रक छापून तिच्यापुढे ठेवलं, तेव्हा तिने होकाराची मान हलवली होती.

कारखान्याच्या ऑफिसातल्या बाईंचा फोन आला. मला जर्मन नीट येत नाही म्हणून त्या माझ्या सोयीसाठी इंग्रजीत बोलल्या. "फ्रायडे, हाफ थ्री."

फोन ठेवल्यावर मी पाच मिनिटं विचार केला. डच माणूस असं म्हणाला की तिसरा तास अर्धा झालेला असतो, म्हणजे अडीच, हे मला पक्कं माहीत होतं. पण बाई इंग्रजीत बोलत होत्या, आणि माझा आधीचा मॅनेजर इंग्लंडचा होता. तो हाफ थ्री म्हणायचा तेव्हा साडेतीन वाजायचे. भाषा इंग्रजी, तर नियमही इंग्रजी. मी डायरीत साडेतीन लिहिलं. ईमेल करून खात्री करता आली असती. पण पहिल्या फोननंतर लगेच वेळ परत विचारणारा माणूस गबाळा दिसेल, असं वाटलं.

एकाहत्तरावा दिवस, शुक्रवार. आइंडहोव्हनला गाडी बदलून फेन्लो, तिथून बस. पावणेदोनला मी गावात उतरलो. पावणेदोन तास हाताशी होते. उशीर व्हायला नको म्हणून मीच तसा हिशेब केला होता.

गावाचा चौक माझ्या पावलांनी बहात्तर पावलं लांबीचा. एका बाजूला नगरभवन, विटांचं, घड्याळ असलेलं. दाराशेजारी भिंतीत एक लोखंडी पट्टी बसवलेली होती, थोडी वाकलेली. मी वाकून पाहत होतो, तेवढ्यात बाकावर बसलेले एक आजोबा डचमध्ये म्हणाले, "कापड घ्यायला आलात का?"

सीमेजवळच्या गावांत दोन्ही भाषा चालतात. मी म्हटलं, नाही, मुलाखतीला आलोय, वजनकाट्यांच्या कारखान्यात.

"मग ही आधी बघा. आमच्या गावची सगळी अक्कल या पट्टीत आहे."

त्यांनी सांगितलं ते असं. सीमेवरचं गाव, त्यामुळे पूर्वी बाजाराला दोन्हीकडचे व्यापारी यायचे. एकाचा गज लांब, दुसऱ्याचा आखूड, दर बाजाराला भांडण. शेवटी गावाने स्वतःचा गज लोखंडात ओतला आणि भिंतीत पुरला. इथे मापायचं तर याने. मग वजनांचंही तसंच केलं, आणि त्यातून काटे बनवणारे कारागीर इथे वसले. युद्धात चौक जमीनदोस्त झाला. पट्टी ढिगाऱ्यातून काढून पुन्हा बसवली, पण ती वाकली ती वाकलीच.

"म्हणजे आता ती आखूड भरते," मी म्हणालो.

"भरू दे. त्या वर्षांत आमचे कपडेही आखूडच होते." ते स्वतःच हसले. आजोबांनी त्याच कारखान्यात चाळीस वर्षं काम केलं होतं.

माझ्या पिशवीत स्टीलची टेप असतेच. मी पट्टी मापली: साडेसत्तावन्न सेंटिमीटरला एक मिलिमीटर कमी. आजोबांना आकडा सांगितला तर ते खूश झाले. "तुम्हाला घेतील," म्हणाले. "मालकाला माणसापेक्षा मापावर जास्त विश्वास. आम्हा सगळ्यांनाच. आणि आज आलात ते बरं केलंत. उद्यापासून कारखाना तीन आठवडे बंद. सगळं गाव एकदम सुट्टीवर जातं, माझ्या आजोबांच्या काळापासून."

मला ते गंमतशीर वाटलं. गावाचा स्वभाव कळला असं वाटलं. गेल्या एकाहत्तर दिवसांत मी पहिल्यांदाच कुणाशी दिवसांचा हिशेब विसरून बोलत होतो.

घड्याळाचा एक ठोका पडला. आजोबा काठी टेकत उठले. "हाल्ब द्राय," ते म्हणाले. "घरी बायकोने कॉफी ओतून ठेवली असेल, आता बोलणी खायची."

हाल्ब द्राय म्हणजे अडीच, हे मला बरोबर कळलं. माझ्याकडे अजून एक तास होता.

तीन वाजून पंचवीस मिनिटांनी मी कारखान्याच्या फाटकाशी पोचलो. त्या बाई कुलूप लावत होत्या. मी नाव सांगितलं. त्यांनी आधी माझ्याकडे आणि मग मनगटावरच्या घड्याळाकडे पाहिलं.

"मी हाफ थ्री म्हटलं होतं."

"हो, म्हणूनच..." मी म्हणालो, आणि मला आजोबांचं हाल्ब द्राय आठवलं.

"मालक तीनला दहा कमी असेपर्यंत थांबले. आता विमानतळाकडे निघालेत." त्या रागावलेल्या नव्हत्या, आणि तेच जास्त लागलं. "कारखाना उघडल्यावर, सोमवारी फोन करा."

मी तिथेच मोजलं. कारखाना उघडणार तो सोमवार पंचाण्णवावा दिवस. माझे ब्याण्णव.

घरी पोचलो तेव्हा सात वाजून गेले होते. दार उघडताच बायकोने विचारलं, "काय म्हणाले?" मी बूट न काढता, तिथेच उभ्याने सगळं सांगितलं. मुलगी आतल्या टेबलाशी अभ्यास करत होती. तिला मराठी सगळं कळतं, पण उत्तर डचमध्येच येतं. या वेळी मात्र ती मराठीत बोलली.

"बाबा, डचमध्ये हाफ द्री म्हणजे अडीच. तुम्हीच मला शिकवलं होतं ना?"

शिकवलं होतं. ती बारा वर्षांची होती, शाळेत नवीन, घड्याळ चुकायची म्हणून रडत घरी आली होती. मी कागदावर लिहून दाखवलं होतं: यांची पद्धत उलटी नाही, आपलीच आहे. अडीच म्हणजे दोन पुरे आणि तिसरं अर्धं. हे लोकही तिसऱ्याचाच अर्धा मोजतात. त्यानंतर ती कधी चुकली नाही.

"आता ईमेल करून बघ ना," बायको म्हणाली. "नाही कशाला म्हणतील?"

मी त्याच रात्री ईमेल केला. लगेच उत्तर आलं, आपोआप जाणारं, दोन ओळींचं: कारखाना बंद आहे, आणि तो उघडणार त्या सोमवारची तारीख.

शनिवारी मी कॅलेंडरवर बहात्तर लिहिलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी पाहिलं तर तो आकडा तिथे होता. मुलीच्या अक्षरात.