अण्णाचे घेणेकरी

मेलेल्या भावाचं देणं जित्या भावाला लागतं का? आळंदच्या बाजारात हे मी दिसेल त्याला विचारलं. उत्तराऐवजी प्रत्येकाकडून एकेक किस्सा पदरात पडला. माझा अण्णा, शिंपीकाम करणारा, जाऊन महिनाही झाला नाही आणि एवढे साठले!

*

सुरुवात माझ्याच तोंडानं झाली. शेजारच्या मेहबूबचाचांचे वडील गेले, तेव्हा चाचांनी जनाज्यापाशी उभं राहून विचारलं होतं, "अब्बांकडे कुणाचं काही येणं असेल तर मला सांगा." मला ते फार आवडलं होतं. म्हणून अण्णाची चिता पेटली तसा मीही ओरडलो, "अण्णाकडं कुणाचं काय बी येणं आसल तर माझ्याकडं या!"

भटजी मंत्र विसरले. चाचा कानाशी येऊन म्हणाले, "बेटा, पहले घर में तो पूछ लेता!"

*

पहिला आला मल्लप्पा न्हावी. "अण्णाच्या चार दाढ्यांचं राहिलंय."

"घे की मग पैसे."

"मेलेल्याचं मी घेत न्हाई."

"मग आलास कामून?"

"तू बोलावलास म्हणून!"

*

मग एक बाई आली. तिच्या लेकीच्या लग्नात व्याही रुसला तर त्याची समजूत काढायचं अण्णानं कबूल केलं होतं. मी गेलो. अण्णाची जीभ गोड, माझी नाही. दुसऱ्याच वाक्याला मी व्याह्याची गचांडी धरली. तो गुमान जेवायला बसला.

बाई हात जोडून म्हणाली, "फिटलं बाबा! आता परत येऊ नको."

*

कापडवाला सावकार मात्र हसायला आला नव्हता. अण्णानं उधार नेलेल्या दोन ताग्यांपायी त्याचा डोळा शिलाई मशीनवर. दोन पोरींना घेऊन वहिनीला पुढं त्याच मशीनवर जगायचं होतं.

"मशीन माझ्या बापानं दिलीय," वहिनी म्हणाली.

"चालवत कोण होतं?"

"हे."

"मग?"

"मग त्यांच्याकडूनच वसूल करा!"

सावकार माझ्याकडं वळला. "शब्द तू दिलास. घर तुमचं एक, मशीन त्याच घरातली. बाजारादिवशी गाडी घेऊन येतो."

*

कचेरीतल्या वकिलानं तीन पुस्तकं उघडली, तिन्ही मिटली. "तू त्याचा मुलगा असतास तर गोष्ट वेगळी. भाऊ म्हटल्यावर... चूल एक का दोन?"

"एकच."

"मग अवघड आहे."

"दोन आसत्या तर?"

"तर तुझा शब्द तुझ्यापाशी, तिची मशीन तिच्यापाशी."

त्यानं फी सांगायच्या आत मी पळालो.

*

बाजारादिवशी सावकाराची गाडी गल्लीत शिरली, तेव्हा मी अंगणात तीन दगड मांडून भाकरी भाजत होतो. एका बाजूनं काळी, दुसरीकडून कच्ची. वहिनीला काही सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तर तिनं दगड उचलून फेकले असते.

ती वाटीत वरण घेऊन आली. "भाऊजी, हे काय करायलाव? आत चला."

सगळी गल्ली बघत होती. सावकारही.

मी वाटी उलथून टाकली. "तुमच्या चुलीवरचं नको मला! आजपासून मी येगळा!"

तिनं रिकामी वाटी उचलली. सावकाराची गाडी रिकामीच वळली. मी मान खाली घालून ती सगळी भाकरी खाल्ली.