वीस किलोत बसवलेला नवरा

विमानात वीस किलोच सामान नेता येतं, हे मला ज्या दिवशी कळलं त्याच दिवशी माझ्या डाव्या कानाखाली बसली होती. कान रात्रीपर्यंत गुंईं करत होता. म्हणून तो आकडा माझ्या डोक्यातून कधी गेला नाही.

सत्तर सरून ऐंशी लागलं होतं त्या सुमाराची ही गोष्ट. माझा नवरा फिटर होता. सातपूरच्या एका कारखान्यात चांगला चिकटलेला, पण मुकादमाशी वाजलं आणि ह्यानं हातातला पाना त्याच्या डोक्यात घातला. मग बसला घरी. घरी बसलेला तापट माणूस म्हणजे काय असतं, ते मला विचारा! भाजीत मीठ जास्त झालं की मार, कमी झालं की मार, आणि बरोबर पडलं तर बोलत का नाहीस म्हणून मार. पंचवटीतल्या एका बोळात आमच्या दोन खोल्या होत्या. भिंतीला भिंत लागलेली, शेजारी शिंकलं तरी इकडं ऐकू यायचं. माझं रडणं सगळा बोळ ऐकत होता आणि सगळा बोळ रेडिओचा आवाज वाढवत होता.

सासूबाई दारात बसून लसूण सोलायच्या. "पुरुषमाणूस हाय, डोकं तापतं," एवढं म्हणायच्या आणि पुढची पाकळी उचलायच्या. माझं माहेर वणीकडचं. एकदा गेले होते तिकडं सुजलेलं तोंड घेऊन. बापानं चहा पाजला आणि संध्याकाळच्या गाडीत परत बसवून दिलं.

तर अशात ह्याला मस्कतची नोकरी लागली. दोन वर्षांचा करार. दोन वर्षं! मस्कत कुठल्या दिशेला आहे हे मला ठाऊक नव्हतं, पण मी त्याच दिवशी गडावरच्या देवीला खणनारळ बोलले. मला साड्या नको होत्या, सोनं नको होतं, टेपरेकॉर्डर तर नकोच होता. हा माणूस एकदाचा विमानात चढावा, एवढंच पाहिजे होतं. खोटं कशाला बोलू?

आमच्या बोळाच्या टोकाला एक जण तिकडूनच सुटीवर आला होता. त्याला चहाला बोलावलं. नवरा मिशीला पीळ देत बसला आणि मी दारातून ऐकत होते. तो म्हणाला, "वहिनी, तुम्हीच नीट ऐका, भरणार तुम्ही. वीस किलो म्हणजे वीस किलो. वर गेलं की किलोमागे पैसे मागतात, आणि असे मागतात की एका किलोत तुमचा महिन्याचा किराणा येईल. पैसे नसले तर सामान काढा. काढायचं नसलं तर व्हा बाजूला. विमान कुणासाठी थांबत नाही." मग त्यानं बाकीचंही सांगितलं. रिकाम्या पेटीचं वजनसुद्धा त्यातच धरतात. अंगावरच्या कपड्यांचं धरत नाहीत. हातातल्या लहान पिशवीकडं बहुतेक कुणी बघत नाही.

आता ह्यानं आदल्याच दिवशी पत्र्याची भलीमोठी हिरवी ट्रंक आणून ठेवली होती, वर पांढऱ्या रंगात स्वतःचं नाव घालून. पाहुणा गेल्यावर मी म्हणाले, "ही रिकामीच सात-आठ किलो खाईल. रेक्झिनची बॅग घेऊ." झालं. त्या दिवशीची ती कानाखाली. मला अक्कल शिकवते, म्हणाला. दोन दिवस ट्रंकेकडं बघत बसला, तिसऱ्या दिवशी स्वतःच उचलून बघितली आणि भिंतीवर फेकली. भिंतीचा पोपडा निघाला, ट्रंकेचा कोपरा चेपला. संध्याकाळी रेक्झिनची बॅग घेऊन आला आणि आईला सांगायला लागला, "मी म्हटलं, ट्रंक कशाला? वजन फुकट जातं." मी भाकरी थापत राहिले.

मग सुरू झाली पार्सलं. कुणी आखाताला निघालं की अख्ख्या मोहल्ल्याला आपापली माणसं आठवतात. हिच्या भावाला पापड, तिच्या जावयाला काळा मसाला, कुणाच्या लेकाला शेंगदाण्याची चटणी. "एवढंसं तर आहे गं!" प्रत्येकीचं तेच. आणि आपल्याकडं नाही म्हणायची रीत नाही. नाही म्हटलं की पुढं वर्षभर नळावर तोंड फिरवतात. त्यात नवऱ्याला दिलदारीचा उमाळा आलेला. ओट्यावर बसून येईल त्याला, "आण रे, घेतो! त्यात काय!" हा घेणार आणि तिकडं काट्यावर अडकला की परत माझ्याच घरी येणार! मला दरदरून घाम फुटायचा.

मी पुड्या बाहेर काढायला लागले. दुपारी तो बाहेर गेला की बॅग उघडायची, पापडाची चवड काढायची आणि तांदळाच्या कोठीमागं लपवायची. सापडलं की पाठीवर बुक्का. एका पुडीला एक, असा दरच ठरल्यासारखा झाला होता. मी म्हटलं, घाल बाबा, चारच दिवस आहेत. लोणच्याची बरणी घेऊन एक शेजारीण नळावर आली, तेव्हा मात्र माझं सटकलं. मी बरणी घेतली आणि फरशीवर आपटली. तिनं माझी वेणी धरली, मी तिचा अंबाडा धरला. तेल, कैऱ्या आणि काचांत आम्ही दोघी लोळलो. तिच्या दंडाला मी चावले. बायकांनी ओढून काढलं तेव्हा माझ्या मुठीत तिचे केस होते. बाहेर मी अशी होते. घरात माझा हात वर जात नव्हता, का जात नव्हता देव जाणे.

एक वस्तू मात्र मला काढता येईना, खलबत्ता. सासूबाईंचा जुना, लोखंडी. तिकडं एका खोलीत आठ जणं, रांधायचं ज्याचं त्यानं. "माझ्या लेकराला लसणाची चटणी रोज लागती, तिथं कशात कुटंल?" म्हणून त्यांनी स्वतःच्या हातानं तो धोतरात गुंडाळून तळाशी घातला. नवरा म्हणाला, हा निघाला तर तुझा हात निघंल. मग मी चपला काढल्या, दोन पँटी काढल्या, साबण काढले.

जायच्या आदल्या दिवशी वजन करायचं ठरलं. सासूबाई म्हणाल्या, भाजीबाजारातल्या शेठकडंच जायचं. ते शेतकऱ्यांचा माल घेणारे मोठे व्यापारी. पहाटे गोदावरीत अंघोळ, कपाळावर गंध, एकादशीला तोंडात पाणी नाही. "त्याचा काटा देवाचा काटा हाय," सासूबाईंचं म्हणणं. कांद्याची पोती चढवतात त्या काट्यावर बॅग ठेवली. शेठनी दांडीवरचं माप सरकवलं, दांडी डुलली, थांबली. वीस. बरोब्बर वीस! मी भर बाजारात त्या काट्याला हात जोडले. नवरासुद्धा हसला. शेठनी काही घेतलं नाही, उलट हातावर खडीसाखर ठेवली.

दुसऱ्या दिवशी भाड्याच्या जीपनं आम्ही तिघं मुंबईला गेलो. उन्हाळा रणरणता, आणि ह्याच्या अंगात तीन शर्ट, दोन पँटी, वर लग्नातला कोट. खिशांत साबण आणि चपलांचा जोड. कसाऱ्याचा घाट उतरेपर्यंत तो घामानं निथळत होता आणि शिव्या देत होता, उन्हाला, ड्रायव्हरला, मला. मी खिडकीबाहेर बघत मनात म्हणत होते, अजून थोडं. अजून थोडंच.

विमानतळावर तिकीट काढून आम्हाला आत सोडलं. रांग सरकत सरकत काउंटरपाशी आली. ह्यानं बॅग काट्यावर टाकली. तिथल्या माणसानं आकडा बघितला आणि मान वर न करता म्हणाला, "तेवीस. तीन किलो जादा. पैसे भरा नाहीतर काढा."

नवरा म्हणाला, "काल वीस भरलीये, तुझा काटा खोटा आहे." तो माणूस म्हणाला, "बाजूला व्हा, मागच्याला येऊ द्या." नवऱ्यानं काउंटरवर मूठ आपटली. दुसरा काटा बघा म्हणाला. दुसऱ्यावरही तेवीस. मागचे लोक कुरकुरायला लागले. किलोमागचा दर ऐकला तेव्हा सासूबाई मटकन खालीच बसल्या. एवढे पैसे आमच्या सात पिढ्यांनी एका जागी बघितले नव्हते.

"काढू या ना काहीतरी," मी म्हणाले. एवढंच म्हणाले.

तो वळला आणि त्यानं मारलं. चापट नाही, मूठ. तोंडावर. मी त्या गुळगुळीत फरशीवर मागं घसरत गेले आणि कुणाच्या तरी सामानावर आपटले. ओठ फाटला. "तूच भरली ना, भवाने! तूच वजन केलं ना!" म्हणत त्यानं कमरेत लाथ घातली. एक परदेशी बाई किंचाळली. दुसरी लाथ बसायच्या आत एका पोलीस हवालदारानं ह्याच्या कोटाची कॉलर मागून धरली आणि अशी पिळली की ह्याचे डोळे बाहेर आले.

"बाईवर हात टाकतो? इथं? माझ्यासमोर?" हवालदारानं त्याला एक ठेवून दिली. लग्नानंतर पहिल्यांदा मी नवऱ्याला मार खाताना बघितलं. मग हवालदार मला म्हणाला, "ताई, उठा. नवराय का तुमचा? मारलं ना ह्यानं? नुसतं हो म्हणा. आत्ता घेऊन जातो आणि चांगला सरळ करतो."

किती वर्षं मी वाट बघत होते की कुणीतरी येऊन असं विचारावं! बोळात कुणी विचारलं नाही, बापानं विचारलं नाही. आणि विचारलं तेही कुठं, तर इथं. नवरा कॉलरीत लोंबकळत माझ्याकडं बघत होता. त्याच्या डोळ्यांत भीती होती. मला ती बघायला फार आवडलं, खरं सांगते. हो म्हटलं असतं तर ह्याला चौकीत बसवलं असतं, विमान गेलं असतं, नोकरी गेली असती. दोन दिवसांनी सोडला असता. आणि सुटून तो कुठं आला असता? माझ्याच घरात.

मी पदरानं ओठ पुसला. "नाही साहेब," मी म्हणाले, "ह्यांनी नाही मारलं. फरशी गुळगुळीत आहे. मी पडले."

हवालदारानं माझ्या फाटलेल्या ओठाकडं बघितलं. मग त्यानं कॉलर सोडली आणि मला एक शिवी हासडली. बरोबरच होतं त्याचं. मी गुडघ्यांवर बसले, बॅगेची चेन ओढली, तळाशी हात घातला आणि खलबत्ता धोतरासकट बाहेर काढला. बॅग पुन्हा काट्यावर गेली. वीस. काउंटरवरच्या माणसानं बॅगेला चिठ्ठी बांधली. नवरा आत गेला तो मागं न बघता गेला. तो दिसेनासा होईपर्यंत मी हात हलवत होते.

परतीच्या वाटेवर खलबत्ता माझ्या मांडीवर होता. सासूबाई रडत म्हणाल्या, "माझ्या लेकाची अब्रू राखलीस गं पोरी." बोळात तर माझं नावच झालं. नवऱ्यासाठी पोलिसाशी खोटं बोलली, सावित्री हो सावित्री! मी मान खाली घालून ऐकायचे. आतून मला नाचावंसं वाटत होतं.

ओठाची सूज उतरल्यावर मी भाजीबाजारात गेले. पिशवीत बत्ता होता. शेठ एका म्हाताऱ्याचे कांदे तोलत होते. पेठ तालुक्याकडचा असावा, अंगात फाटकी बंडी. मी मोठ्यानं विचारलं, "शेठ, तुमच्या काट्यावर माझी बॅग वीस भरली आणि विमानतळावर दोन काट्यांवर तेवीस. हे कसं हो?"

शेठनी नुसतं "जा ना बाई" असा हात हलवला. पण पोती घेऊन उभे असलेले शेतकरी काट्याभोवती गोळा झाले. घेताना कमी दाखवणारा काटा! त्यांना फोड करून सांगावी लागली नाही. म्हातारा म्हणाला, "म्हंजे माझं विसाला तीन किलो रोज..." आणि बोटांवर मोजायला लागला. मी बत्ता काढला आणि दांडीवर घातला. एकदा, दोनदा, ती वाकून लोंबायला लागेपर्यंत. मग लोक शेठवर धावले. गंध पुसलं गेलं, सदरा फाटला, कांदे वाटेवर घरंगळत गेले. मला कुणी हात लावला नाही. मी घरी चालत आले. सासूबाईंनी बत्ता मागितला. मी म्हणाले, तो आता माझ्याजवळ राहील.

दोन वर्षांनी नवरा आला. घड्याळ, टेपरेकॉर्डर, अत्तरं, सगळं घेऊन आला. येताना तिकडच्या काट्यावरही जादा भरलं होतं म्हणे, जाडजूड ब्लँकेट टाकून द्यावं लागलं, म्हणून डोकं तापलेलंच होतं. पहिल्याच संध्याकाळी चहा गार म्हणून कप भिंतीवर फुटला आणि त्याचा हात वर गेला.

मी बत्ता घेतला. नुसता दाखवला, असं लिहिलं तर वाचणाऱ्याला बरं वाटेल. मी मारला. हात खाली येत होता, त्याच मनगटावर. हाड मोडल्याचा आवाज शेजाऱ्यांनी ऐकला असणार, कारण त्यांचा रेडिओ बंद झाला.

दवाखान्यात डॉक्टरांनी हात उलटसुलट करून बघितला आणि कसं झालं म्हणून विचारलं. मी शेजारीच उभी होते, पिशवी घेऊन. त्यानं पिशवीकडं बघितलं.

"पडलो," तो म्हणाला.